चित्र काढता येत नाही, तरी कार्टूनची प्रोड्यूसर होऊ का?

पत्र:

ताई, नमस्कार. मी २६ वर्षांची, मूळची कोल्हापूरची, बी.कॉम. झालीये. तीन वर्षं झाली गोरेगावला एका ॲनिमेशन स्टुडिओत प्रॉडक्शन कोऑर्डिनेटर आहे, लहान मुलांच्या टीव्ही सिरीजवर. खरं सांगायचं तर दिवसभर एक्सेल भरते आणि लोकांच्या मागे लागते. आता जूनपासून नवीन सिरीज सुरू होतीये, ११ मिनिटांचे ५२ एपिसोड, आणि तिच्यावर मला असोसिएट प्रोड्यूसर हो म्हणतायत. आनंद झाला पण भीतीच जास्त वाटतीये, मला साधा आंबा नीट काढता येत नाही, आर्टिस्ट लोक माझं का ऐकतील? त्यात मागच्या महिन्यात एक एपिसोड दहा दिवस उशिरा गेला. उशीर होणार हे मला दोन आठवडे आधीच दिसत होतं पण डायरेक्टर सर म्हणाले होईल होईल, म्हणून मी गप्प बसले, आणि नंतर सगळं माझ्यावर आलं. खूप रडले. चूक माझी होती का? बाबा एसटीतून वाहतूक नियंत्रक म्हणून रिटायर झाले, ते म्हणतात कार्टून हे काय काम आहे का, बँकेची परीक्षा दे. ह्या लाईनीत खरंच करिअर असतं का ताई?
— एक्सेलवाली

उत्तर:

अगं एक्सेलवाली, तुझ्या पत्रातली सगळ्यात कामाची ओळ तू एकदम शेवटी घाईघाईत लिहून टाकलीयेस. बाबा वाहतूक नियंत्रक होते. म्हणजे तुला आता जे काम देऊ करतायत ते तू लहानपणापासून घरात बघत आलीयेस, फक्त त्याला प्रोड्यूसर म्हणतात हे तुला कोणी सांगितलं नाही आणि बाबांनाही नाही.

बघ ना, कोल्हापूरच्या स्टँडवर कंट्रोलच्या केबिनमध्ये बसून बाबा काय करायचे? गगनबावड्याची गाडी आली का, राधानगरीची फलाटाला लागली का, कुठल्या ड्रायव्हरची ड्यूटी संपली, कोण आजारी पडलाय, कुठली गाडी घाटात बंद पडली आणि तिच्या जागी आता कुठली सोडायची, आणि हे सगळं चालू असताना माईकवरून प्रवाशांना सांगायचं की गाडीला उशीर आहे. त्यांनी स्वतः गाडी चालवली का? नाही. म्हणून ड्रायव्हर लोक त्यांचं ऐकायचे नाहीत का? ऐकायचेच, कारण सगळ्या गाड्या एका वेळी कुठे आहेत हे स्टँडवर फक्त त्यांनाच माहीत असायचं.

आता तुझी सिरीज घे. ५२ गुणिले ११ म्हणजे ५७२ मिनिटं, साडेनऊ तासांचं कार्टून. एक एपिसोड म्हणजे ६६० सेकंद, आपल्याकडच्या टीव्हीच्या सेकंदाला २५ फ्रेमच्या हिशोबाने १६,५०० चित्रं. आणि हे एकामागून एक बनत नाही हे तर तुला माहितीच आहे, विसाव्या एपिसोडची स्क्रिप्ट लिहिली जात असते तेव्हा चौदाव्याचा स्टोरीबोर्ड (चौकटी-चौकटींत काढलेली गोष्ट) चालू असतो, अकराव्याचं ॲनिमॅटिक (त्याच चौकटी आवाजासकट लावलेला कच्चा व्हिडिओ) पक्कं व्हायचं असतं, आठवा ॲनिमेशनला, पाचवा कंपोझिटिंगला (पात्रं, बॅकग्राउंड सगळं एकत्र जोडायला), तिसऱ्याचं आवाजाचं मिक्सिंग चाललेलं आणि पहिल्याला चॅनेलच्या क्यूसीने, म्हणजे तपासणीवाल्यांनी, परत पाठवलेलं. स्टुडिओत बसलेल्या प्रत्येकाला आपापलं टेबल दिसतं, बोर्डवाल्याला बोर्ड, साउंडवाल्याला साउंड. हा सगळा पट एका वेळी कोणाला दिसतो? तुला. तू ज्याला एक्सेल भरणं म्हणतेस ना ते हे आहे, आणि आमच्या लाईनीत प्रोड्यूसर ह्याच खुर्चीतून वर येतात. कोऑर्डिनेटर, मग प्रॉडक्शन मॅनेजर, मग असोसिएट किंवा लाईन प्रोड्यूसर, मग प्रोड्यूसर. स्टुडिओगणिक नावं बदलतात पण रस्ता साधारण हाच.

लोकांना वाटतं प्रोड्यूसर म्हणजे पैसे लावणारा, सिनेमातल्यासारखा, बोटात अंगठ्या आणि मोठी गाडी. टीव्ही कार्टूनमध्ये तसं नसतं. पैसे चॅनेलचे किंवा स्टुडिओचे किंवा दोघांचे मिळून असतात, प्रोड्यूसर तो पैसा आणि वेळ कुठे घालायचा ते ठरवतो. आणि हे ठरवणं म्हणजे नुसती कारकुनी नाही, ह्याच्यावरच कार्टून कसं दिसणार ते ठरतं. टॉम अँड जेरीवाले विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा आठव. १९४० पासून एमजीएम स्टुडिओत त्यांनी ती मालिका केली, सात ऑस्कर मिळाली, आणि १९५७ मध्ये स्टुडिओने कार्टूनचं युनिटच बंद करून टाकलं. मग दोघांनी टीव्हीसाठी काम सुरू केलं, तर तिथे एका कार्टूनला मिळणारा पैसा आधीच्या तुलनेत अगदीच थोडा. आता जुन्या पद्धतीने प्रत्येक हालचाल नवीन काढायची म्हटली तर पहिल्या महिन्यातच टाळं लागलं असतं. मग त्यांनी काय केलं, तर कमी चित्रांत भागवायची पद्धत बसवली, धड स्थिर ठेवायचं आणि फक्त डोकं, तोंड, हात हलवायचे. त्यांच्या योगी बेअर ह्या अस्वलाच्या गळ्यात कॉलर आणि टाय का असतो कधी विचार केलायस? मान आणि धड ह्यांचा जोड झाकायला. बजेट तुटपुंजं होतं म्हणून अस्वलाला टाय आला, आणि तो टायच पुढे त्याची ओळख झाली.

आणि ह्यात तुझ्यासाठी एक गोष्ट आहे. ह्या जोडीत चित्राचा हात बार्बेराचा. हॅनाची ताकद टायमिंगची, कुठला क्षण किती फ्रेम धरायचा, कुठे थांबायचं, काम पुढे कसं सरकवायचं. चित्रकार म्हणून त्याचं नाव कोणी घेतलं नाही आणि तरी टीव्ही कार्टूनचा धंदा उभा करणाऱ्यांत त्याचं नाव सगळ्यात वर आहे. तेव्हा आंबा काढता येत नाही ह्याचं दुःख आज सोडून दे. पण बघता आलं पाहिजे हां, ते शिकावं लागतं आणि शिकता येतं. रोज एक स्टोरीबोर्ड घेऊन बस आणि स्वतःला विचार की आवाज बंद केला तर गोष्ट कळतीये का, हे पात्र ह्या चौकटीत उजवीकडे बघतंय मग पुढच्या चौकटीत डावीकडून का आलं, गर्दीचे हे चार शॉट खरंच लागतायत का की एकात भागेल. सहा महिन्यांत डोळा तयार होतो. मग बोर्ड आर्टिस्टकडे जाऊन "हे बदल" म्हणू नकोस, "मला इथे कळलं नाही की मांजर घरात कधी गेलं" एवढंच म्हण. आर्टिस्ट लोकांना चित्र न येणाऱ्याचा राग नसतो, त्यांना राग येतो तो चित्र न बघता तारीख मागणाऱ्याचा.

आता उशिराचं. इथे मी जरा थांबणार आहे कारण तू सरळ विचारलंयस चूक माझी होती का.

एपिसोड उशिरा झाला ही चूक तुझी नव्हती. तुला दिसलं आणि तू बोलली नाहीस ही चूक तुझी होती. वाईट वाटेल वाचून पण तुला हे आत्ता कोणीतरी सांगायला हवं, जूनच्या आत, कारण जूननंतर तुझ्या गप्प बसण्याची किंमत दुसरी माणसं मोजतील. मी हे ठामपणे लिहितीये कारण मी हेच केलं होतं. बऱ्याच वर्षांपूर्वीची गोष्ट, मी तेव्हा नवीनच लाईन प्रोड्यूसर झाले होते एका स्टुडिओत, नाव नको. २६ एपिसोडचं काम होतं, नवव्या-दहाव्या एपिसोडपासूनच तक्त्यात दिसत होतं की मे महिन्याची डिलिव्हरी गाठणार नाही, उन्हाळ्याची सुट्टी म्हणजे मुलांच्या चॅनेलचा सगळ्यात मोठा सीझन, ती तारीख हलवणं म्हणजे मोठीच गोष्ट. माझे साहेब म्हणाले चॅनेलला आत्ता काही बोलू नकोस, आपण करू काहीतरी. मी नाही बोलले. ते "काहीतरी" म्हणजे शेवटी काय झालं, तर आठ-दहा पोरं नऊ रात्री ऑफिसमध्ये झोपली, खुर्च्या जोडून. त्यातल्या एका ॲनिमेटरच्या मुलीचं बारसं होतं साताऱ्याला, त्याने मला आठवडाभर आधी सांगितलं होतं, आणि मी त्याला म्हटलं बघू रे. तो गेला नाही. रात्री दोनला त्याने फोनवर पाळणा ऐकला, त्याच्या बायकोने रेकॉर्ड करून पाठवला होता, आणि मी त्याच खोलीत बसले होते. ती मुलगी आता कॉलेजात जाते. त्याने मला कधीही एक शब्द बोलून दाखवला नाही आणि मला ते अजून सलतं. चॅनेलला मी मार्चमध्येच सांगितलं असतं की मेमध्ये २६ नाही २० मिळतील आणि उरलेले सहा जूनमध्ये, तर ते चिडले असते, दोन दिवस फोनाफोनी झाली असती, आणि त्यांनी काहीतरी जुळवलं असतं. चॅनेलकडे जुने एपिसोड असतात, वेळापत्रक फिरवता येतं, पण त्यांना वेळ मिळाला तर. शेवटच्या आठवड्यात सांगितलं तर त्यांच्याही हातात काही राहत नाही.

म्हणून जूनपासून एक गोष्ट पक्की कर. दर शुक्रवारी, एक दिवस ठरवून, तुला जे दिसतंय ते लिहून पाठवायचं. डायरेक्टरला, तुझ्या प्रोड्यूसरला. अमुक एपिसोडचं ॲनिमेशन रोज इतके सेकंद होतंय, ठरलं होतं तितके, ह्या वेगाने तारीख अमुक पडते. कोणावर बोट नाही, विशेषणं नाहीत, फक्त आकडे. डायरेक्टर "होईल" म्हणाले तर चिडू नकोस, ते खोटं बोलत नसतात, डायरेक्टर माणूस मनाने त्या एपिसोडच्या आत राहत असतो, त्याला ते खरंच होईल असं वाटतं. तू त्यांना विचार, "सर, होईल म्हणजे काय काय झालं तर होईल?" मग उत्तर येतं. पाठलागाचे दहा शॉट कमी केले तर होईल, दोन जण त्या दुसऱ्या एपिसोडवरून इकडे आणले तर होईल, जंगलाचं बॅकग्राउंड आधीच्या एपिसोडमधलं वापरलं तर होईल. हे बोलणं म्हणजेच तुझं काम आहे गं, ते भांडण नाहीये. आणि एवढं करूनही चॅनेलला सांगायचं नाही असं वरून आलं तर तुझा शुक्रवारचा कागद तुझ्याकडे आहे, सगळं तुझ्यावर येणार नाही. हां, रिटेकचा, म्हणजे परत कराव्या लागणाऱ्या शॉटचा, वेळ तक्त्यात धर, लोक धरत नाहीत, आणि गणपती-दिवाळीच्या सुट्ट्याही धर. आपल्याकडे जानेवारीत बनवलेल्या शेड्यूलमध्ये गणपती बसवलेले नसतात आणि मग सप्टेंबरात सगळे आश्चर्य करत बसतात की अर्धा स्टुडिओ कोकणात कसा गेला.

आता ज्या गोष्टीवर मी तासभर बोलू शकते ती. तुझ्या पत्रात स्टुडिओ आहे, डायरेक्टर आहे, आर्टिस्ट आहेत, बाबा आहेत, पण बघणारं मूल कुठेच नाही. रागावून नाही म्हणत, सगळ्यांचंच होतं, डिलिव्हरीच्या घाईत पाच वर्षांचं पोर कुठल्या कुठे राहतं. पण प्रोड्यूसर झालीस की त्या पोराच्या बाजूने खोलीत बसलेली तू एकटीच असशील.

मीनाची गोष्ट तुला माहितीये का? युनिसेफने दक्षिण आशियातल्या मुलींच्या शिक्षणासाठी, आरोग्यासाठी १९९० च्या दशकात ही कार्टून मालिका केली, आपले राम मोहन त्यात मुख्य होते. राम मोहन म्हणजे सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून युनिटमध्ये १९५६ पासून असलेला माणूस, डिस्नेहून आलेल्या क्लेअर वीक्सकडे शिकलेला, पुढे २०१४ मध्ये पद्मश्री मिळाली, २०१९ मध्ये गेले. मीना बनवताना त्या लोकांनी स्टुडिओत बसून पात्र ठरवलं नाही. बांगलादेश, भारत, नेपाळ, पाकिस्तान इथल्या हजारो मुलांना, आयांना, गावातल्या लोकांना चित्रं दाखवली, विचारलं, ही मुलगी तुमच्या गावची वाटते का, कपडे असे असतात का, नाव काय ठेवायचं. मीना हे नाव घेतलं कारण ते ह्या सगळ्या ठिकाणी चालत होतं. इतक्या भाषा, इतके धर्म आणि एकच मुलगी सगळ्यांना आपली वाटली, ती अशी पायपीट करून.

एवढं बजेट तुझ्याकडे नसणार. पण ॲनिमॅटिक लॅपटॉपवर घेऊन एखाद्या बालवाडीत किंवा सोसायटीतल्या पाच-सहा पोरांसमोर बसायला पैसे लागत नाहीत, फक्त स्टुडिओची परवानगी घे आणि फाईल कोणाच्या फोनवर जाऊ देऊ नकोस. आणि तिथे तू स्क्रीनकडे बघायचं नाही, पोरांकडे बघायचं. मुलं "आवडलं नाही" असं म्हणत नाहीत, ती पाणी प्यायला उठून जातात. कितव्या मिनिटाला उठली ते लिहून ठेव. मी असं बघितलं होतं की आम्ही सगळे ज्या विनोदावर मीटिंगमध्ये पोट धरून हसलो होतो तिथे एकही पोर हसलं नाही आणि एका साध्या शॉटवर, बदक घसरतं एवढंच, तिथे पुन्हा लाव पुन्हा लाव चाललं. त्या बदकासाठी मग आम्ही अजून दोन दिवस काढले आणि तो मोठ्यांचा विनोद कापला.

आणि सुरक्षिततेचं. १६ डिसेंबर १९९७ ला जपानमध्ये पोकेमॉनच्या एका एपिसोडमध्ये लाल-निळा प्रकाश फार वेगाने लुकलुकला आणि सहाशेच्या वर मुलांना दवाखान्यात न्यावं लागलं, कोणाला झटके, कोणाला उलट्या. त्यानंतर अशा लुकलुकण्याची तपासणी करून मगच एपिसोड सोडायची पद्धत बऱ्याच ठिकाणी बसली, तुझ्या क्यूसीच्या यादीत ती ओळ असेलच. ती ओळ दिसली की ती का आहे ते आठव. आपल्याकडे केबल टेलिव्हिजनच्या १९९४ च्या नियमांतही आहे, मुलांच्या कार्यक्रमात घाणेरडी भाषा नको, उघड हिंसा नको. पण नियम सगळं पकडत नाही. हिरो गच्चीवरून उडी मारतो आणि उठून पळतो, नियमात बसेल कदाचित, पण सहा वर्षांचं पोर ते करून बघेल का हा प्रश्न कोणीतरी मीटिंगमध्ये विचारावा लागतो आणि तो तुलाच विचारावा लागेल, उशीर होत असला तरी.

करिअर असतं का? असतं. सोपं नाही, आणि मी तुला गोडगोड सांगणार नाही. आपल्या देशात बराच काळ ॲनिमेशन म्हणजे बाहेरच्या कंपन्यांचं काम करून देणं हेच मुख्य होतं, अजूनही बरंच तसं आहे. काम संपलं की टीम कमी होते, चॅनेलने पुढचा सीझन घेतला नाही तर सगळे घरी. तरी गेल्या पंधरा-वीस वर्षांत चित्र बदललं ते आपल्या लोकांनी आपली पात्रं बनवली तेव्हा. हैदराबादचे राजीव चिलका घे, अमेरिकेतली सॉफ्टवेअरची नोकरी सोडून तिथेच ॲनिमेशन शिकले, परत येऊन २००१ मध्ये ग्रीन गोल्ड काढलं, आणि छोटा भीम पोगो चॅनेलवर आला २००८ मध्ये. मधली सात वर्षं मोज. लोकांना भीम दिसतो, ती सात वर्षं दिसत नाहीत. आणि त्यांनी मोठी गोष्ट केली ती म्हणजे भीम हे पात्र आपल्या कंपनीच्या मालकीचं ठेवलं, म्हणून मग खेळणी, दप्तरं, दुकानं, सिनेमे, २०१९ मध्ये नेटफ्लिक्सवर छोट्या रांगत्या भीमाची बिनसंवादांची मालिका, हे सगळं उभं राहिलं. मुंबईच्या कॉसमॉस-माया स्टुडिओने २०१२ मध्ये निक चॅनेलसाठी मोटू पतलू केलं, लोटपोट मासिकातली जुनी पात्रं घेऊन, आणि त्याचे डायरेक्टर आपले सुहास कडव. म्हणजे हे तर तुझ्या लोकल ट्रेनच्या अंतरावर घडलेलं आहे.

तेव्हा मालकी हा शब्द आत्तापासून शिक. तुझी बी.कॉम. इथे सोन्याची आहे, ती लपवू नकोस. करार वाचायला माग. पात्र कोणाचं, खेळण्यांचा पैसा कोणाला, दुसऱ्या भाषेत डब केलं तर काय, यूट्यूबवर कोण टाकणार, हे सगळं कुठल्या कलमात लिहिलंय ते बघ. आर्टिस्ट मंडळींत हे वाचणारं माणूस फार कमी असतं आणि ज्याला स्टोरीबोर्डही वाचता येतो आणि बॅलन्स शीटही, त्याला काम कमी पडत नाही, स्टुडिओत नाही तर चॅनेलच्या बाजूला, नाही तर जाहिरातीत, गेमिंगमध्ये, शिक्षणाच्या कंपन्यांत. आणि मला मनापासून वाटतं की मूळ मराठीत विचार करून लिहिलेली मुलांची मालिका टीव्हीवर यायला हवी, आत्ता आपल्या पोरांना बहुतेक डबिंगच मिळतं, त्यात आजी पण दुसऱ्याच कुठल्या घरातली वाटते. तू ती करशील का मला माहीत नाही, पण करायची तर ती करणारा माणूस आकड्यांत पक्का लागेल.

जूनच्या ऑफरबद्दल. हो म्हण. पण हो म्हणायच्या आधी बसून विचार की तारखा बदलायचा अधिकार मला आहे का नुसत्या कळवायचा, टीममध्ये माझ्या हाताखाली कोऑर्डिनेटर देणार का (नाही दिला तर तू नाव असोसिएट प्रोड्यूसरचं लावून एक्सेलही भरत बसशील, हे सर्रास होतं), क्रेडिटमध्ये नाव काय जाणार, आणि पगार. पगारावर लाजू नकोस. आणि हे सगळं तोंडी झालं की त्याच संध्याकाळी ईमेल कर, "आज बोलणं झालं त्याप्रमाणे" म्हणून. बँकेच्या परीक्षेचं म्हणशील तर द्यायची असेल तर दे, माझी काहीच हरकत नाही, पण मागच्या महिन्यात रडलीस म्हणून देऊ नकोस.

आता बाबा. कार्टून हे काय काम आहे का असं ते म्हणतात, त्यांच्या जागी ते बरोबर आहेत, त्यांनी हे काम कधी बघितलंच नाही. एक कर, रविवारी घरी गेलीस की त्यांना ते "एक चिडिया, अनेक चिडिया"वालं आठवतंय का विचार. दूरदर्शनच्या काळातला माणूस आहे, आठवणारच, बहुतेक म्हणूनच दाखवतील. मग त्यांना सांग की ती फिल्म, एक अनेक और एकता, १९७४ ची, ती केली विजया मुळे ह्यांनी, मराठी बाई, शिक्षण आणि फिल्म सोसायटीच्या कामातल्या. गोष्ट आणि दिग्दर्शन त्यांचं, चित्रं आणि ॲनिमेशन भीमसेन ह्यांचं, संगीत आपल्या सावंतवाडीकडच्या वसंत देसाईंचं. सरकारी पैशात, सात-आठ मिनिटांत. शिक्षणपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तिला. जाळं घेऊन उडालेले पक्षी बघून दोन पिढ्यांना एकी म्हणजे काय ते कळलं. विजयाबाई २०१९ मध्ये गेल्या, ९८ वर्षांच्या होऊन. हे काम आहे का नाही ते मग बाबांनाच ठरवू दे.

आणि नंतर लॅपटॉप उघडून तुझा तो ५२ एपिसोडचा तक्ता दाखव त्यांना. समजावून सांगू नकोस, नुसता दाखव. कुठला एपिसोड कुठे आहे, कोण कशावर आहे, लाल रंगात काय अडलंय. मी पैजेवर सांगते ते चष्मा लावून बसतील आणि दोन मिनिटांत विचारतील, हा सतरावा इथे का थांबलाय, ह्याच्या जागी दुसरा का नाही सोडलास. तेव्हा त्यांना विचार, जोतिबाच्या चैत्र यात्रेच्या जादा गाड्यांची तयारी डेपोत किती दिवस आधी सुरू व्हायची, आणि एखादी गाडी चढावर बंद पडली तर पहिला निरोप कोणाला जायचा. ते जे सांगतील ते नीट लिहून घे, आणि मलाही कळव, मला ते ऐकायचंय.

— तुझी ताई